हूं म्हणायला कुणी नाही

आमच्या वडूजकडच्या गावात गोष्ट फुटते. विसरणं वेगळं. विसरलेलं कधी तरी भाकरी खाताना, एसटीत बसल्यावर आपसूक आठवतं. फुटलेलं परत येत नाही. म्हणून आमच्यात रीतच आहे, एकानं गोष्ट सांगायची आणि दुसऱ्यानं वाक्यावाक्याला "हूं" म्हणायचं. हूं थांबला की कौल तडकल्यासारखा बारीक आवाज येतो आणि गोष्टीतला एखादा तुकडा गळून जातो. आम्ही मेंढरांमागं हिंडणारी माणसं, रानात सोबतीला गोष्टीच. लेकरालासुद्धा आधी हूं म्हणायला शिकवतात.

मी फौजेत सव्वीस वर्षं काढली आणि मला बोलायला लय लागतं. सुट्टीवर आलो की मी बोलायचो आणि बायको हूं म्हणायची. पीठ मळताना, चूल फुंकताना, वेणी घालताना. पेन्शनीत निघाल्यावर साताऱ्यात दोन खोल्या घेतल्या, तिथंही तेच. गेल्या वर्षी ती गेली. तेव्हापासून माझ्या गोष्टी फुटायला लागल्या. बर्फातल्या चौकीची फुटली, चुलीत जाऊ दे ती. पण एका गोष्टीला मी जिवापाड जपत होतो.

लग्नानंतर पहिल्यांदा सुट्टीवर आलो, तेव्हा ती वडूजच्या स्टँडवर मला न्यायला आली होती. पदर डोळ्यांवर ओढलेला, हातात भाकरीचं गठुडं. मी मुद्दाम चेष्टेनं विचारलं, "कुणाची गं तू?" त्यावर ती असं काही म्हणाली की सगळं स्टँड हसलं. चाळीस वर्षं मी ही गोष्ट अशीच सांगत आलो.

परवा सकाळी दाढी करताना तीच गोष्ट मोठ्यानं सांगत बसलो. घरात कुणी नाही, म्हणून माझं मीच हूं म्हटलं. आपल्याच गोष्टीला आपण हूं म्हणायचं नसतं, हे आमच्यातलं शेंबडं पोरसुद्धा जाणतं. पण मला अक्कल कुठली! टच् आवाज झाला आणि बायको काय म्हणाली तेवढंच गळालं. तोंडाला फेस लावून मी ढसाढसा रडलो, खोटं कशाला बोलू.

पुण्याला लेकीला फोन लावला. "हं, हं, पप्पा, ऐकतेय," म्हणाली, पण मागं कुकरच्या शिट्ट्या आणि तिचं दुसऱ्याच कुणाशी बोलणं. असल्या हूंनं गोष्ट धरत नाही. मी रागानं फोन ठेवला. मग आठवलं, बायको दरवर्षी आठ-पंधरा दिवस सांगलीला धाकट्या बहिणीकडं जायची. त्या मेहुणीला ठाऊक असेल. दुसऱ्या दिवशी सांगलीची गाडी धरली.

मेहुणी लसूण सोलत बसली होती. स्टँडवरची गोष्ट कशी फुटली ते मी तिला सांगितलं. म्हणाली, "दाजी, ती गोष्ट हाय माझ्याजवळ. आक्काच हितं येऊन सांगायची. पर सांगीन ती तिची सांगीन, तुमची न्हाई. आन् हूं तुमाला म्हणावं लागंल."

"माझी बायको, माझी गोष्ट, आणि अटी तुझ्या?" मी कडाडलो.

"मग जावा."

मुकाट्यानं बसलो.

"आक्का सकाळपास्नं स्टँडवर हुती."

"हूं."

"तुमी यष्टीतनं उतरला आन् दोस्तांसंगं च्या प्यायला गेला. दोनदा तिच्याम्होरनं गेला."

माझा हूं आलाच नाही. मेहुणी हातातला लसूण खाली ठेवून माझ्या तोंडाकडं बघत राहिली.

"हूं," मी म्हणालो.

"नवऱ्याचं नाव घिऊन हाक कशी मारायची? शेवटी तीच फुडं आली, वाटंत हुबी ऱ्हायली. दाजी, ती चेष्टा नव्हती. तुमी वळखलंच न्हाई तिला. कुणाची गं तू, म्हणला."

"हूं."

"आक्का म्हणाली, तुमचीच की. आन् रडाय लागली. तुमचं दोस्त हसलं."

तुमचीच की. दोनच शब्द, आणि ते सापडले. पण आनंद कसला, मला वर बघवेना.

"मग माझ्या खोट्या गोष्टीला ती इतकी वर्षं हूं का म्हणत होती?"

"न्हाई म्हणली असती तर तुमची गोष्ट फुटली असती की."

"आणि तिच्या स्वतःच्या गोष्टी?"

"त्या सांगायलाच तर हितं यायची. तुमी कवा तिला हूं म्हणला?"

एकदाही नाही. परतीच्या गाडीत साताऱ्यापर्यंत आठवत आलो, एकदाही नाही.

घरी आलो, कुलूप काढलं. ती बसायची तो पाट ओट्याखालून ओढून मांडला आणि त्याच्यासमोर फरशीवर बसलो. आयुष्यात पहिल्यांदा गप्प बसलो असेन.

मग म्हणालो, "हूं. सांग."