आधीची आणि नंतरची

माझी मावशी जाहिरातींत बोलते. चेहरा कुणाला ठाऊक नाही, आवाज मात्र घरोघरी. क्रीम, साबण, फरशी पुसायचं औषध, सगळीकडे तीच. प्रत्येक जाहिरातीत तिला दोन बायका कराव्या लागतात. एक आधीची: रडवेली, नवऱ्याच्या कॉलरवरच्या डागानं जीव नकोसा झालेली. दुसरी नंतरची: तीच बाई, डबी उघडल्यावर. नंतरचीसाठी ओठ ताणून बोलायचं, कारण माईकला हसू ऐकू येतं म्हणे. रेकॉर्डिंगवाला काचेपलीकडून सांगतो, "ताई, आधीचीला अजून जरा लाज वाटू द्या."

मी दोघींची नक्कल केली की आई पोट धरधरून हसायची.

मग एकदा चहा गाळताना मावशी म्हणाली, "एकच घोट, आणि दिवसभर टवटवी." आम्ही हसलो. ती मात्र पांढरीफटक पडली. सावरून बोलायला गेली तर आधीची निघाली: "माझ्याच बाबतीत असं का होतं?" या दोघींच्या मधली जी मावशी, ती काही केल्या सापडेना.

आजीला दिसत नाही, ती माणसं आवाजावर ओळखते. रविवारी मावशी तिच्याजवळ बसली, म्हणाली, "आई, मी आलेय." आजीनं हात सोडवून घेतला. "टीव्ही बंद करा गं कुणीतरी."

त्या दिवशी मावशीनं मला खोलीत ओढलं, दार लावलं. घसा दाबून कसंबसं विचारलं, "तुला माझा येतो ना? जाहिरातीतला नाही. माझा."

येत होता. जरा नाकातला, वाक्याचं शेपूट गिळणारा. मी बोलायचे, ती माझ्या ओठांकडे बघत घोकायची. तिचे ओठ आपोआप ताणले जायचे. ती दोन्ही हातांनी गाल खाली ओढून धरायची. उपयोग शून्य.

शेवटी आजीसमोर मावशीच्या खांद्यामागून मीच म्हणाले, "अगं आई, ऐक ना, मी आहे."

आजीचा चेहरा उजळला. "कुठं उलथली होतीस गं इतके दिवस?" तिनं हात पुढे केला, मावशीनं आपला दिला.

आता दर रविवारी आम्ही दोघी जातो. मी बोलते, मावशी ओठ हलवते.

परवा आजीनं मध्येच विचारलं, "अगं, आपली चिमणी कुठाय? नात म्हणवते आणि आवाजसुद्धा नाही तिचा."

'ही काय, इथेच आहे' म्हणायला मी तोंड उघडलं. नाकातून आलं, "ती होय, येईल गं कधीतरी."

मावशीचे ओठ तेव्हा बंद होते.