आज पाय मागं सरलाच नाही

मोहाडीच्या दोस्तहो, हसू नका. मी इकडं पुण्यात बॉक्सिंग शिकून राहिलो. कोनाले मारायसाठी नाही.

गोडाऊनमध्ये खोक्यांची थप्पी माझ्या अंगावर पडली, हे तुम्हाले माहीत आहे. थप्पी झुकताना मले दिसली होती, पण पाय हललेच नाहीत. खांद्याचं हाड तर जुळलं. पण अजूनही कुठं धाडकन आवाज झाला की मी जागीच थिजतो. डॉक्टर बाई म्हणाल्या, भीती अंगात बसली आहे, अंग हलवूनच काढावी लागेल. त्यांनीच या बॉक्सिंगच्या सरांकडं पाठवलं.

आज सरांनी हळूच ठोसा टाकला. मले फक्त एक पाऊल मागं घ्यायचं होतं. ठोसा येताना दिसला आणि नाकावर बसला.

"अरे, पाय गावाला ठेवून आलास का?" सर म्हणाले. सगळे हसले. मीही हसलो.

मग मायले फोन केला. ती म्हणाली, "काहून रे बाबू, धानाचा रोवणा करताना, रोपं लावत लावत तं दिवसभर चिखलात मागं मागं जात होतास!"

खोलीचं दार लावलं. हातात धानाच्या रोपांची जुडी आहे असं समजून वाकलो. पाय सरकले! भिंतीपर्यंत मागं गेलो, रडूच आलं. तेवढ्यात शेजारच्या खोलीत कुकरचं झाकण पडलं, आणि पाय पुन्हा तिथंच रुतले.

उद्यापासून कामावर जायचं आहे, त्याच थप्प्यांखाली.

तुमच्यापैकी कोनाचं अंग असं ऐकेनासं झालं होतं काय? मग पुन्हा ऐकलं काय त्यानं?