तीन फिल्टर आणि एक कुकर

आजवर मी मन लावून ज्या ज्या वस्तू धुतल्या, त्यातली एक धुवायची नव्हती. ती धुतली आणि एका पोरीचं तीन वर्षांचं काम मोरीत गेलं. तरीही गेल्या हिवाळ्यातले ते दिवस आठवले की मला हसूच येतं, आणि का येतं ते शेवटपर्यंत वाचलंत तर कळेल.

चिखल्याच्या मँगनीज खाणीत मी पंप खलाशी आहे. खडकाच्या भेगांतून झिरपणारं पाणी सगळ्यात खालच्या लेव्हलला एका हौदात जमतं, ते पंपाने वर पाठवायचं, हे माझं काम. वीसेक वर्षं तेच करतो आहे. मँगनीजने हात, नखं, कानाच्या पाळ्या सगळं काळं होतं. त्यामुळेच असेल, मला स्वच्छतेचं वेड आहे. पंपावर बोट फिरवून काळं लागलं की माझं डोकं फिरतं. बायको म्हणते, "त्या पंपाले पुसता तेवढं घरच्या पंख्याले पुसलं असतं तं पुण्य लागलं असतं." पंखा तिचा, पंप माझा, असं मी तिला सांगून ठेवलं आहे.

तर एके सकाळी साहेबांनी मला बोलावलं. त्यांच्यासमोर डोक्याला हेल्मेट, पायात दोन नंबर मोठे गमबूट घातलेली एक पोरगी उभी होती. नागपूरला पीएचडी करते, खालच्या बोअरचं पाणी पाहिजे, तू हिच्यासोबत राहा, असा हुकूम झाला. मी "चला मॅडम" म्हणालो.

"काका, मॅडम कायले म्हणता जी? मी इथलीच, करडी गावची आहो. धानाच्या बांधीत वाढलेली पोट्टी."

तिथेच आमचं जमलं.

बोअर म्हणजे पुढचा खडक कसा आहे ते पाहायला मशीनने आडवं पाडलेलं लांब भोक. त्यातून पाणी येत होतं म्हणून तोंडाशी पाइप आणि व्हॉल्व्ह बसवला होता. पोरीने त्या पाण्याला हात लावून पाहिला, वास घेतला आणि अशी खूश झाली की जणू माहेरचा डबा उघडला. मी म्हणालो, या पाण्याला तर सडक्या अंड्याचा वास येतो. ती म्हणाली, "तोच तं पायजे." मग तिथेच उकिडवं बसून तिने मला सांगितलं. हे पाणी केव्हाच्या पावसाचं आहे ते कुणालाच ठाऊक नाही. ते इतकं जुनं आहे की त्याला ऊन, वारा काही माहीत नाही. आणि त्यातही जीव आहेत. डोळ्याला न दिसणारे, खडक आणि पाणी मिळून जो वायू तयार होतो त्यावर जगणारे.

"म्हणजे गोटा खाऊन जगतात?"

"तसंच समजा, काका."

जेवणाच्या सुटीत मी हे सगळ्यांना सांगितलं. आमचा सिमेंट मिस्त्री जुना माणूस, तोंडाचा फटकळ. तो म्हणाला, "गोट्यात काय जीव रायते जी? पोट्टी शिकली अन् बिघडली." त्याला तो बोअर महिनाअखेर सिमेंट भरून बंद करायचा होता. पुढे सुरुंग लावायचे होते, तेव्हा पाणी थांबवणं भागच होतं. पोरीलाही ते ठाऊक होतं. याआधी दुसरीकडचे दोन बोअर मशीनच्या तेलाने वाया गेले होते. "हा गेला तं माझं तीन वर्षांचं काम गेलं, काका," ती म्हणाली. हे सांगताना ती हसत होती, पण बोटाने व्हॉल्व्हचा गंज खरवडत होती.

तिने पाइपाला एक फिल्टर जोडला. घरी पाण्याच्या मशीनमध्ये असतो तसाच, पारदर्शक डब्यात पांढरी नळी. पाणी त्यातून जाईल, जीव अडकतील आणि तीन आठवड्यांनी ती येऊन घेऊन जाईल. जाताना मला म्हणाली, "लक्ष द्या जी, काका. तुमच्याच भरवशावर सोडून जाऊन राहिली."

आता भरवसा म्हटल्यावर मी काय कमी करतो? रोज पाळीला आलो की आधी फिल्टर पाहायचो. आठवड्याने पांढरी नळी पिवळसर झाली. दोन आठवड्यांनी तपकिरी. मग काळी, बुळबुळीत, अगदी बघवेना अशी. पाण्याची धारही बारीक झाली. ती यायच्या आदल्या दिवशी मला राहवलं नाही. पाहुणी येणार आणि आपण तिची वस्तू अशी घाण ठेवायची? व्हॉल्व्ह बंद केला, नळी काढली, कपड्याची पावडर लावली आणि जुन्या टूथब्रशने अर्धा तास घासली. अशी निघाली की नवीन वाटावी. परत बसवली आणि समाधानाने घरी गेलो.

दुसऱ्या दिवशी तिने नळी पाहिली. मग माझ्याकडे पाहिलं.

"काका, हे एवढं पांढरं कसं?"

"धुतली न! गज्जब घाण झाली होती."

ती मटकन खाली बसली. ओरडली असती तर बरं झालं असतं. कॅपलॅम्पचा उजेड तिच्या गमबुटांवर पडला होता आणि त्या उजेडात दोन थेंब टपटप पडलेले मी पाहिले. मग कुठे माझ्या डोक्यात शिरलं की ती घाण म्हणजेच तिची पीएचडी होती. मी म्हणालो, "पोरी, मले मार दोन." ती नाक पुसत म्हणाली, "धुऊ नका असं मीच सांगतलं नाही. पण काका, कोन धुते जी!" आणि रडता रडता तिला हसू फुटलं. मला मात्र हसू येईना. बोअर बंद व्हायला दहा दिवस उरले होते आणि फिल्टर भरायला तीन आठवडे लागत होते.

मी मिस्त्रीकडे गेलो. आणखी दोन आठवडे थांब म्हणून हात जोडले. त्याने ऐकलं नाही. "तिथं छताखाली माणसं काम करतात. पान्यानं छत ढिलं झालं तं कोन जबाबदार?" त्याचं म्हणणं खरंच होतं. मी परत फिरलो.

रात्री जेवण गेलं नाही. सकाळी हौदाशी उभा होतो, पंप सुरू करायला हात लावला आणि एकदम सुचलं. एका फिल्टरने तीन आठवडे लागतात, तर तीन फिल्टर लावले तर? व्हॉल्व्ह तर अर्धाच उघडला होता, नळी फाटेल म्हणून. पाण्याला जोर भरपूर होता. मधे टी-जॉइंट टाकायचे, धार तिन्हींत वाटायची. हे तर माझं रोजचं काम! मी पोरीला फोन केला. ती पलीकडे किंचाळलीच. फक्त एक अट होती. जॉइंटवर वरचे, आपल्या हातांचे जीव असता कामा नयेत. ते वाफेवर मारावे लागतील, आणि नागपूरला नेऊन आणायला वेळ नाही.

"काका, काकूंचा कुकर आहे?"

असे आमचे स्टीलचे टी-जॉइंट वरणाच्या कुकरात गेले. पोरगी आमच्या क्वार्टरच्या स्वयंपाकघरात बसली, एकेक जॉइंट फॉइलमध्ये गुंडाळून. बायको कमरेवर हात ठेवून उभी. "कितीक शिट्ट्या?" तिने विचारलं. पोरगी म्हणाली, शिट्ट्या मोजायच्या नाहीत, घड्याळ लावून अर्धा तास. बायको म्हणाली, "एवढ्यात तं हरभरेही शिजून गळते, बाप्पा." त्यानंतर महिनाभर तिने त्या कुकरात वरण लावलं नाही. पोरीने शंभरदा समजावलं की आता त्याच्याइतकं स्वच्छ भांडं साऱ्या चिखल्यात नाही. स्वच्छतेच्या बाबतीत घरात माझ्याहून कडक कोणी असेल हे मला तेव्हा कळलं.

तीन फिल्टर लागले. या वेळी प्रत्येकावर पोरीने मोठ्या अक्षरात चिठ्ठी चिकटवली : धुऊ नये. खाली बारीक अक्षरात : काका, तुम्हीसुद्धा. सगळ्या पाळीत त्यावर हशा पिकला. पण त्या उरलेल्या दिवसांत आमच्या लोकांनी ज्या निष्ठेने पहारा केला तो मी विसरणार नाही. त्या बाजूला कोणी खर्रा चघळून थुंकला नाही. येता-जाता प्रत्येक जण लॅम्प वळवून पाहायचा आणि मला खबर द्यायचा, "मधला काळा पडून राहिला बरं का!" आयुष्यात पहिल्यांदा मी घाण वाढताना पाहून खूश होत होतो. शेवटच्या दिवशी तिन्ही नळ्या अशा काळ्याकुट्ट झाल्या होत्या की पोरीने आनंदाने गमबुटांसकट उडी मारली. बर्फाच्या डब्यात नळ्या भरून मी तिला मोटरसायकलवर वरठी स्टेशनला सोडलं. गाडी सुटेपर्यंत तो डबा तिने मांडीवरून खाली ठेवला नाही. त्याच दुपारी मिस्त्रीने बोअर सिमेंटने भरून टाकला.

काही दिवसांनी तिने फोनवर फोटो पाठवला. काळ्यावर निळे निळे ठिपके. जीव सापडले होते. पण ते जिवंत आहेत की नुसती कलेवरं, ते ठिपक्यांवरून सांगता येत नव्हतं. त्यासाठी तिने तीन बंद बाटल्यांत त्यांचा वायू भरून, थोडा काळा गाळ टाकून ठेवला होता. वाढले तर बाटलीतलं पाणी गढूळ होईल. हे जीव फार सावकाश वाढतात, असं ती म्हणाली. एक महिना गेला, दोन गेले, उन्हाळाही सरला. पाणी निवळशंखच. ती फोनवर बोलायची तेव्हा बाटल्यांचा विषय मी काढत नसे. मनात मात्र मी माझा टूथब्रश शंभर वेळा मोडला.

धानाची रोवणी सुरू होती तेव्हा तिचा फोन आला. मी नुकताच पहिली पाळी संपवून वर आलो होतो.

"काका, गढूळ झालं! तिन्ही बाटल्या! जिते आहेत जी, जिते आहेत!"

मी हजेरीच्या खिडकीसमोर, पन्नास माणसांत, रडलो. लाज वाटली नाही. लोक विचारायला लागले, काय झालं, घरी कोणी गेलं का? मी म्हणालो, "गेलं नाही रे, जगलं!" मग सगळ्यांना सांगितलं. कोणीतरी शिट्टी मारली, कोणी माझ्या पाठीत गुद्दा घातला. मिस्त्री कोपऱ्यात उभा होता. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि खाणीत खाली नेणाऱ्या केजकडे गेला. त्याची दुसरी पाळी होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खाली उतरलो. बुजवलेल्या बोअरपाशी, सिमेंटच्या गोल ठिपक्याच्या वर, खडूने ठसठशीत लिहिलं होतं. आमच्याकडे धोक्याच्या सूचना लिहितात तसं, वर-खाली दोन रेघा मारून. अक्षर मिस्त्रीचं होतं.

"आत वस्ती आहे."