हणमंतरावांचा अंधार

हणमंतराव बीदरकर येण्याआधी आमच्या नाट्यमंडळाकडे दोनच प्रकाश होते, चालू आणि बंद. पडदा उघडला की ट्यूबलाइट लागायच्या आणि नायिका मेली तरी तशाच जळत राहायच्या. वीज खात्यात नोकरीला असलेल्या हणमंतरावांनी हे एकदा पाहिलं आणि घरी जाऊन बायकोच्या, म्हणजे पद्मावतीकाकूंच्या, लोणच्याच्या बरण्या पळवल्या. बरणीत मिठाचं पाणी, पाण्यात तारांना बांधलेले दोन पत्रे. एक पत्रा हळूहळू वर ओढला की दिवा मंदावत जायचा. आमच्या नाटकातली पहिली संध्याकाळ अशी बरणीतून झाली. काकूंनी त्या बरण्यांत पुन्हा लोणचं घातलं नाही आणि ते ऐकवायचंही कधी सोडलं नाही.

मी अंबरपेठेत राहते, शाळेत शिकवते, आणि ऐन तारुण्यापासून त्यांच्या दिव्यांखाली उभी राहिले आहे. तुपाच्या डब्यांचे त्यांनी दिवे केले, कोठीच्या बाजारात तासन्‌तास घासाघीस करून दिव्यांवर लावायचे रंगीत जिलेटीन कागद आणले. पुढे तेलुगू आणि उर्दू नाटकवालेही त्यांना विचारायला येऊ लागले. नटांबद्दल मात्र त्यांना फारसं प्रेम नव्हतं. "कविता, नाक खाली घे, सावली पडायली," याच्यापलीकडे माझं कौतुक त्यांनी केल्याचं आठवत नाही. उजेड कोणीही पाडतो, अंधार करायला अक्कल लागते, असं ते म्हणायचे. मला तेव्हा तो शिष्टपणा वाटायचा.

मग नव्वदनंतरची वर्षं आली. घरोघर केबल आली आणि आमच्या खुर्च्या रिकाम्या पडू लागल्या. पुण्यामुंबईहून कॉम्प्युटरवाली मंडळी आली, माणसं चांगली, पण त्यांना नाटकापेक्षा ऑर्केस्ट्रा हवा असायचा. हणमंतराव निवृत्त झाले होते. गुडघे गेले होते, शिडी चढताना दोनदा थांबायचे. कुणीतरी त्यांना एका नव्या स्कूटरच्या समारंभाला दिवे लावायला नेलं. परत आले ते वैतागून. "लाइटां नुसती गरगर फिरायली. कशावर पडायचं ते त्यांनाच ठाऊक नाही. दमलो मी आता," म्हणाले. आम्ही सगळेच दमलो होतो. तालमीला येणारे चार जण एकमेकांची तोंडं बघत चहा पीत बसायचो.

तेवढ्यात मंडळाचा सचिव गिरीश, हाही पुण्याहून आलेला कॉम्प्युटरवालाच, एक नवं नाटक घेऊन आला. शेवटी म्हातारी आई मुलाला निरोप देते, कंदील फुंकते आणि अंधारात एकटी बसून राहते. त्यावर पडदा. आई मी. हणमंतरावांनी संहिता ऐकली, शेवट पुन्हा वाचायला लावला. "पूर्ण अंधार देणार असलास तर येतो. नाहीतर मला नक्को बोलावू," ते म्हणाले. गिरीशनं शब्द दिला.

प्रयोगाच्या दिवशी आम्ही थिएटरात पोहोचलो तर रंगमंचाच्या कडेला पुरुषभर उंचीचा, आतून दिवे लावलेला फलक उभा होता. रंगीत टीव्हीची जाहिरात. तो पहिल्या घंटेपासून शेवटपर्यंत चालू राहणार, असं प्रायोजकांशी ठरलं होतं.

"आणि शेवटचा अंधार?" हणमंतरावांनी विचारलं.

"काका, जरा ॲडजस्ट करा ना. प्रायोजक नसते तर प्रयोगच झाला नसता," गिरीश म्हणाला.

मला वाटलं आता म्हातारा कडाडणार. ते "बरं" म्हणाले आणि शिडीकडे वळले.

नाटकभर तो टीव्ही माझ्या डाव्या गालावर निळाजांभळा पडून होता. शेवट आला. मी कंदील फुंकला. हणमंतरावांनी दिवे उतरवायला सुरुवात केली, इतके सावकाश की घरातली एकेक वस्तू निघून जाताना दिसली. उरला फलक. आणि तोही गेला! माझा हात मला दिसेना. सबंध थिएटर गप्प होतं. मी कित्येक वर्षं खोटं खोटं रडत आले, त्या अंधारात खरं रडले.

"करंट गया!" तिसऱ्या रांगेतून कुणीतरी ओरडलं.

झालं. काड्या पेटल्या. कार्यक्रमपत्रिकांनी वारा घेणं सुरू झालं. "जनरेटर नाही का हो?" "मुलांना सांभाळा." आमच्या शहराला अंधाराची एवढी सवय, की खास केलेला अंधार कुणाला ओळखूच आला नाही. मग दिवे आले, आणि घरी येतात तेव्हा करतात तसाच पोरांनी "आला, आला!" असा गलका केला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. इतक्या टाळ्या हणमंतरावांच्या दिव्यांना आजवर मिळाल्या नव्हत्या.

मी विंगेत धावले. मेन स्विचखाली पेटीवर ते गुडघा चोळत बसले होते. माझ्या मागोमाग गिरीश आला.

"काका, नेमका शेवटालाच करंट गेला हो! पण प्रायोजक काही बोलले नाहीत. वीज खात्याला कोण काय बोलणार?"

तो गेल्यावर हणमंतराव पहिल्यांदा हसले. "जन्मभर खात्याची बोलणी मी खाल्ली. आज माझी खात्यानं खाल्ली."

मग त्यांनी विचारलं, "कविता, तुला तुझा हात दिसला?"

"नाही."

"खरं सांग."

"नाही दिसला, हणमंतराव. काहीच नाही दिसलं."

"बास," ते म्हणाले, आणि उठायला मला हात मागितला. त्यानंतर त्यांनी आमच्या मंडळाचे दिवे कधी लावले नाहीत.