बोटांची शीळ
जवसाच्या तेलाचा वास आला की परभणीचं मैदान आठवतं, कारण हॉकीच्या काठ्यांना आम्ही तेच चोळायचो. निजामाचं राज्य नुकतंच गेलेलं. एके दिवशी दुसऱ्या शाळेशी मॅच होती आणि पंच आले नाहीत, म्हणून ड्रिलमास्तरांनी शिट्टी माझ्याकडे दिली. आमच्याच शाळेच्या कप्तानाने गोल मारला, पण गोलासमोरच्या चुन्याच्या अर्धवर्तुळाबाहेरून, म्हणजे तो धरता येत नव्हता. नेमका शिट्टीतला दाणा अडकला. मी दोन बोटं तोंडात घालून, बापाच्या मेंढरांना थांबवायचो तशी शीळ घातली. सगळे जागीच थांबले. "मेंढरं वळायलास का रे?" कप्तान चिडून म्हणाला. "गोल न्हाई," मी म्हणालो. आम्ही हरलो. मास्तर जवळ आले, तेव्हा मी शिट्टी परत द्यायला पुढे केली. ते एवढंच म्हणाले, "उद्याच्या मॅचलाबी तूच उभा राहा." पुढे पदवी घेतली, पंच म्हणून कितीतरी गावं फिरलो. अजूनही मैदानात उतरण्याआधी बोटांची शीळ वाजते का, ते एकदा बघून घेतो.