मुकादमाला नको असलेली बातमी

आज सुनेनं जाड मिठाची पिशवी फोडली आणि त्या दमट, खारट वासासरशी मी कळव्याच्या मिठागरावर जाऊन पोचले. टीव्हीवर बातम्या वाचण्यात आणि परदेशातून त्या पाठवण्यात माझं आयुष्य गेलं, पण पहिली बातमी मी तिथंच वाचली, दहा वर्षांची असताना.

दुपारी मिठागरावरची माणसं बांधावर भाकरी खायला बसायची आणि मी त्यांना पेपर वाचून दाखवायची. त्या दिवशी कुळांना जमीन मिळणार, अशी बातमी होती. ती वाचून होते तोच मुकादम आला. त्याच्या मालकाची शेतं पावसाळ्यात हीच माणसं कुळं म्हणून कसत होती.

"ती बातमी सोड गं. पुढची वाच," तो म्हणाला.

त्यांच्यात बसलेली बायजाआत्या तेवढी बोलली, "पोरी, मना आयकाला नाय आलं. परत वाच. आन् खाली नको, वर बगून वाच."

एकदा वाचून बातमी पाठ झालेली. मी पेपर बाजूला ठेवला, मुकादमाच्या डोळ्यांत बघितलं आणि पहिल्या शब्दापासून सगळी सांगितली.

दुसऱ्या दिवशी माझ्या बाबाला कामावरून परत पाठवलं.

पुढे "ही बातमी नको" म्हणणारे मला स्टुडिओत भेटले, परदेशात बंदुका घेतलेलेही भेटले. मी कुणाचंच ऐकलं नाही. लोक मला धीट म्हणतात. कसली धीट! काम गेलं त्या दिवशी बाबा घरी आला, पाय धुतले, समोर बसला आणि म्हणाला, "बाय, कालची बातमी परत वाच. मोठ्यान वाच, पार मुकादमाच्या घरी आयकाला गेली पायजे."