शेपू-चुक्याची सॅंडी

साधना कोंडाजी विधाते सात वर्षं शास्त्रीय गाणं शिकली, विशारद झाली, आणि देशभर गाजली ती शेपूमुळे.

मखमलाबादला विधात्यांचा मळा होता. एका अंगाला पालेभाज्या, दुसऱ्या अंगाला झेंडू आणि शेवंती. पाणी भरणं, खुरपणं कोंडाजीकडे आणि विकणं त्याच्या बायकोकडे, नवसाबाईकडे. बुधवारी गोदाकाठी बाजार भरला की पुलाच्या सावलीत तिची जागा ठरलेली असे. शेपू म्हटलं की घरोघरी नवरे आणि पोरं मिळून नाकं मुरडतात, आणि चुका तर कित्येक बायकांना करताही येत नाही. म्हणून नवसाबाईनं दोन्हींच्या जुड्या एकत्र बांधल्या आणि त्यांच्यासाठी एक हाक बसवली. “शेपू-चुका, शेपू-चुका, जोडीनं न्या गं, शेपू-चुका!” शेवटच्या ‘का’ला ती आवाज असा काही वर न्यायची, की पुलावरून जाणारा सायकलवाला पाय टेकवून खाली वाकून बघायचा.

लहानपणी साधना आईशेजारी बसून तीच हाक मारायची. कॉलेजात गेल्यावर मात्र तिला त्या हाकेची लाज वाटू लागली. ती पंचवटीत एका बाईंकडे यमन आणि भूप शिकत होती. मैत्रिणींबरोबर बाजारातून जायची वेळ आली तर ती पलीकडच्या काठानं जाई.

गणपतीत ती झिपरू वाघांच्या ऑर्केस्ट्रात गायची. झिपरूकाका बॅन्जो वाजवत आणि आपल्या ऑर्केस्ट्रातून एक तरी माणूस टीव्हीवर जाणार, असं दरवर्षी सांगत. तेव्हा नुकती घरोघरी केबल आली होती आणि गाण्यांच्या नव्या वाहिन्या दिवसभर चालू असत. पंच्याण्णव साली मुंबईच्या एका वाहिनीनं गाण्याची स्पर्धा जाहीर केली, आणि झिपरूकाकांनी साधनाला न विचारता तिचा फॉर्म भरून टाकला.

मुंबईत साधनानं यमनमधलं एक भजन म्हटलं आणि तिचा चौथा नंबर आला. परीक्षकांच्या मागे रॉनीसर नावाचे एक संगीतकार बसले होते. ते पुढे येऊन म्हणाले, “इसकी आवाज में मिट्टी है.” साधनाला वाटलं घसा बसलाय, म्हणून तिनं खाकरून घेतलं. पण ती स्तुती होती. आठ दिवसांत तिच्याशी अल्बमचा करार झाला.

पहिल्यांदा तिचं नाव बदललं. “साधना सुनके लगता है, घर में कोई पूजा चल रही है,” रॉनीसर म्हणाले. ती सॅंडी झाली. मग कमरेपर्यंतची वेणी गेली. मग भर मे महिन्यात तिला काळं चामड्याचं जाकीट घालायला दिलं. घरी फोन करायचा तर शेजारच्या किराणा दुकानात करावा लागे. कोंडाजी तिथं धावत आला, तेव्हा तिनं त्याला एवढंच सांगितलं, “आबा, इथं सगळं चांगलंय. फक्त उकडतं.”

मुख्य गाणं समुद्रकिनाऱ्यावरच्या प्रेमाचं होतं. भाषा हिंदी, मधूनमधून इंग्रजी. पण ध्रुवपदाच्या शेवटी चार मात्रा मोकळ्या राहत होत्या आणि तिथं काय घालावं ते कुणाला सुचत नव्हतं.

“सॅंडी, यहाँ कुछ अपने गाँव का डालो,” रॉनीसर म्हणाले. “ट्रायबल टाइप.”

साधनानं ओवी म्हणून पाहिली. ते म्हणाले, फार रडकी आहे. तिनं भूपाची एक तान घेतली. ते म्हणाले, क्लासला बसल्यासारखं वाटतंय. दोन वाजून गेले, जेवण आलं नव्हतं, काचेपलीकडचा माणूस “वन्स मोर” म्हणत होता. साधना वैतागली आणि तिनं हाकच मारली, आई मारायची तशी. “शेपू-चुका, शेपू-चुका!” शेवटचा ‘का’ वर नेऊन.

रॉनीसर खुर्चीतून उठले. “ये क्या है?”

पालेभाजी आहे म्हटलं तर हे काढून टाकतील, एवढं साधनाला त्या क्षणी कळलं. आणि सकाळपासून पहिल्यांदाच कुणाला तरी तिचं काहीतरी आवडलं होतं.

“प्यार की पुकार है, सर,” ती म्हणाली. “आमच्या डोंगरातली.”

गाणं आलं आणि धुमाकूळ झाला. व्हिडिओत बारा पोरी डोक्याला पिसं लावून नाचत होत्या आणि मधोमध सॅंडी जाकीट घालून ढोल बडवत होती. दिल्लीच्या एका मासिकानं लिहिलं, की शेपू आणि चुका हे सह्याद्रीतल्या एका प्राचीन लोककथेतले प्रेमिक असून दोघांनी नदीत उडी घेतली होती. हे कुठून आलं ते साधनाला कधीच कळलं नाही, पण तिनं ते खोडलंही नाही. एका मुलाखतीत तिला विचारलं, की मग त्या दोघांचं पुढं मीलन झालं का?

“हो,” सॅंडी म्हणाली. “दर बुधवारी.”

मुलाखत घेणारी हळवी झाली.

नाशिकमध्ये मात्र सगळ्यांना भाजी कळत होती. वरातीत, रिक्षात, सलूनमध्ये शेपू-चुका चालू झाला. जी पोरं ताटातला शेपू ढकलून द्यायची तीच त्याच्यावर नाचू लागली. खाल्ला मात्र कुणी नाही.

याचा फटका बसला नवसाबाईला. बुधवारी तिनं नेहमीसारखी हाक मारली, तर कॉलेजची पाच-सहा पोरं गोळा होऊन नाचायलाच लागली. “मावशी, पुन्हा एकदा!” तिनं पुन्हा हाक मारली. पोरं नाचली आणि निघून गेली. जुडी एकानंही घेतली नाही. पुढच्या बुधवारी गंगापूर रोडच्या एक बाई थांबल्या आणि म्हणाल्या, “अहो, टीव्हीतल्या गाण्याची नक्कल कशाला करता? तुमच्या वयाला शोभतं का?”

“नक्कल नाय वो ताई. मी वीस वर्सं झाली हीच हाक मारते. आन ती सॅंडी माझीच पोरगी हाय.”

शेजारचे भाजीवाले सोडून सगळे हसले. त्या बाई तर डोळे पुसेपर्यंत हसल्या. त्यानंतर नवसाबाई बाजारात बसायची, जुड्यांवर पाणी मारायची, पण हाक मारायची नाही. शेपू घरी परत यायचा आणि शेळीपुढं पडायचा. शेवटी शेळीही तोंड फिरवायला लागली.

सत्त्याण्णवच्या जानेवारीत मखमलाबादकरांनी शाळेच्या मैदानावर सॅंडीचा सत्कार केला. मांडव घातला, कमान उभारली. दोन-अडीच हजार माणसं आली. एका पुढाऱ्यानं भाषणात “आपल्या मातीतली सॅंडी” असं चारदा म्हटलं. कोंडाजी पहिल्या रांगेत नवा फेटा बांधून बसला होता. शेजारची खुर्ची रिकामी होती.

सत्कार आटोपून साधना घरी आली, तेव्हा नवसाबाई ओट्यावर शेवंतीचे देठ खुडत होती.

“आई, मैदानावर का नाही आलीस?”

“बुधवार हाय. बाजारात गेले हुते. मुकी बसून आले.”

“मुकी कशाला?”

“हाक मारली की लोक नाचत्यात. घेत कोनी नाय.”

साधना जाकीट काढून खाली बसली. “मी काही मुद्दाम नाही केलं गं. तिथं कुणाला काही सुचत नव्हतं. माझ्या तोंडून निघून गेलं.”

“निघू दे की. त्याचं काय नाय. मागितली असतीस तर मी नाय म्हनले असते का?” नवसाबाईनं हातातलं फूल टोपलीत टाकलं. “पन तू तिकडं सांगितलंस का, ती कोन्या मेलेल्या पोरापोरीची गोष्ट हाय म्हनून. झिपरूभाऊनं वाचून दाखवलं मला. माझी जितीजागती हाक तू नदीत बुडवून आलीस, साधने.”

“ते मी नाही सांगितलं. त्यांनीच छापलं.”

“मग तू नाय म्हनलीस का?”

बाहेर मुंबईची गाडी हॉर्न वाजवत होती. साधना उठली, आईच्या पाया पडली आणि गेली. कसाऱ्याचा घाट उतरेपर्यंत तिनं ठरवलं, की आता पुढच्या मुलाखतीत खरं सांगायचं.

आणि तिनं सांगितलंही. कॅमेऱ्यापुढं, स्पष्ट हिंदीत. शेपू आणि चुका या दोन पालेभाज्या आहेत, माझी आई नाशिकच्या बाजारात त्या विकते, ही हाक तिची आहे. मुलाखत घेणारा पोट धरून हसला. “सॅंडी, यू आर सो फनी!” कार्यक्रम दिसला तेव्हा तो भाग कापलेला होता. नदीत उडी मारल्याची गोष्ट मात्र तशीच होती.

नवसाबाईनं त्याच वर्षी पालेभाजी सोडली आणि फुलं विकायला घेतली. “फुलांना हाक मारावी लागत नाय,” ती कोंडाजीला म्हणाली. “लग्नवाले आन मयतवाले दोगं बी आपनहून येत्यात.” दोन वर्षांत तिचा धंदा असा वाढला, की फुलबाजारात तिनं स्वतःचा गाळा घेतला. पोरीमुळं आपलं नुकसान झालं म्हणावं, तर आता तेही म्हणता येईना.

सॅंडीच्या दुसऱ्या अल्बमच्या वेळी रॉनीसरांनी पुन्हा डोंगरातला एखादा शब्द मागितला. साधना आता शहाणी झाली होती. तिनं आधी घरी फोन करून विचारलं, “आई, चाकवत घेऊ का?” नवसाबाई म्हणाली, “घे. तशी बी ती कोनी खात नाय.” परवानगी रीतसर होती, पण गाणं आपटलं. तिसरा अल्बम निघालाच नाही. दोन हजार साल उजाडेपर्यंत वाहिन्यांवर जुन्या गाण्यांचे रिमिक्स आले, रॉनीसरांनी फोन उचलणं बंद केलं, आणि साधना दोन बॅगा घेऊन एसटीनं परत आली. स्टॅंडवर तिला कुणी ओळखलं नाही. वेणी अजून खांद्यापर्यंतच आली होती.

झिपरूकाकांनी तिला पुन्हा ऑर्केस्ट्रात घेतलं. चांदवडला एका लग्नात तिनं तेच गाणं म्हटलं. नवरीचा भाऊ स्टेजजवळ येऊन म्हणाला, “ताई, ओरिजिनलसारखं म्हणा ना.” त्याचं ओरिजिनल म्हणजे आदल्या वर्षी आलेलं रिमिक्स. ते दुसऱ्याच मुलीनं गायलं होतं आणि तिनं ‘चुका’चं ‘चिका’ केलं होतं. साधनानं तसं म्हणून पाहिलं. भाऊ मान डोलावून म्हणाला, “हां, जमतंय हळूहळू.”

त्यानंतर तिनं बी.एड. केलं. आता तिला बघायला येणाऱ्यांपैकी काहींना टीव्हीवर नाचलेली मुलगी नको होती आणि काहींना तीच हवी होती. वणीचा अमोल शिंदे या दोन्हींत बसेना. त्याचं खत-बियाण्यांचं दुकान होतं. चहा-पोहे झाल्यावर दोघांना ओट्यावर बोलायला बसवलं. तो म्हणाला, “एक विचारू का? राग मानू नका.”

“विचारा.”

“लग्नानंतर घरात शेपू सारखा होणार का? मला नाही आवडत.”

साधना इतकी हसली, की आतून कोंडाजी बघायला आला. लग्न तिथंच ठरलं.

वणीच्या शाळेत ती संगीत शिकवू लागली. आठवड्याला संगीताचे दोन तास आणि उरलेल्या वेळात भूगोल. नद्यांचा धडा ती फार चांगला शिकवते, असं पोरं म्हणत. नवसाबाई यात्रेला आली, की चार दिवस लेकीकडं राहायची. दोघींचं पुन्हा छान जमलं होतं, पण बाजाराचा विषय दोघीही काढत नसत.

दोन हजार आठ साली एका बातम्यांच्या वाहिनीचा फोन आला. एकेकाळचे तारे आज कुठे आहेत, असा काहीतरी कार्यक्रम होता. चार जण गाडी घेऊन वणीला आले. साधनानं घर आवरलं होतं, इस्त्रीची साडी नेसली होती. त्यांच्यातला मुख्य माणूस घरात शिरला आणि त्याचा चेहरा पडला. फ्रिज होता, रंगीत टीव्ही होता, दारात मोटारसायकल होती.

“मॅडम, कुछ और जगह है? थोड़ी पुरानी?”

“आहे ना. सप्तशृंगीचा डोंगर आहे,” साधना म्हणाली. “बराच जुना आहे.”

त्यांनी मोटारसायकल गल्लीत नेली, फ्रिजवर चादर टाकली आणि तिला मागच्या भिंतीजवळ बसवलं. तिथं पोपडे होते. चप्पल काढायला लावली. मग कॅमेरावाल्यानं विचारलं, “पुरानी बातें याद करके दुख होता है?” साधनाला मुलाखतीतला तो ‘दर बुधवारी’ आठवला आणि ती तोंडावर पदर धरून हसली.

कार्यक्रमात ती अकरा सेकंद दिसली. पदर तोंडावर होता, खांदे हलत होते, मागं सारंगी वाजत होती आणि खाली लिहिलं होतं, ‘गुमनामी के अंधेरे में रोती सॅंडी.’ अमोलनं टीव्ही बंद केला आणि म्हणाला, “निदान माझी चादर चांगली दिसली.” मुख्याध्यापकांनी दुसऱ्या दिवशी तिला केबिनमध्ये बोलावून, घरी काही अडचण असेल तर मोकळेपणानं सांगा, म्हणून दोनदा विचारलं.

पंधरा दिवसांनी इंदूरहून एक पार्सल आलं. कुणा बाईंनी कार्यक्रम पाहून पाठवलं होतं. आत वापरलेले चार पंजाबी ड्रेस आणि एक चिठ्ठी. बहन, हिम्मत मत हारना. साधनानं त्या बाईंना आभाराचं पत्र लिहायला घेतलं. मी दुःखी नाही, असं लिहावं का, याचा तिनं थोडा विचार केला आणि मग नाही लिहिलं. तीन ड्रेस तिनं शाळेतल्या शिपाईबाईंना, कलाबाईंना दिले. चौथा निळा होता, कापड चांगलं होतं. सोमवारी तोच घालून ती शाळेत गेली. मापात बसला होता. फक्त बाह्या जरा लांब होत्या, त्या तिनं संध्याकाळी आत दुमडून शिवून टाकल्या.